डोंगरातलं चित्रीकरण: आधी फिल्म स्कूल की गिर्यारोहणाचा कोर्स?

रानवारा: पुण्यात कॅमेरा असिस्टंट आहे, जाहिराती आणि कॉर्पोरेट फिल्म करतो. आता डोंगरातल्या माहितीपटांकडे वळायचंय. एफटीआयआयची (इथल्या सरकारी फिल्म स्कूलची) परीक्षा द्यावी की गिर्यारोहणाचा बेसिक कोर्स? आणि हिवाळ्यात हिमाचलमधल्या स्पितीला बॅटऱ्या कशा टिकवतात?

कातळवाट: कॅमेऱ्यावर हात बसलाय ना? मग कोर्स आधी. उत्तरकाशी किंवा दार्जिलिंगला चार आठवड्यांत दोर, क्रॅम्पॉन (बर्फासाठी बुटांना लावायचे काटे), आइस ॲक्स अंगवळणी पडतात. ज्याला गाइडने सांभाळावं लागतं, त्याला कोणी वर नेत नाही. कथापटाची ओढ असेल तर एफटीआयआय जरूर द्या.

थंडीत बॅटरी संपल्यासारखी दिसते, पण बऱ्याचदा आतली रासायनिक क्रिया मंदावलेली असते. अंगाच्या उबेत ठेवली की काही चार्ज परत मिळतो. म्हणून आतल्या खिशात, रात्री स्लीपिंग बॅगेत. विमानात 100 वॉट-तासांपर्यंतच्या चालतात, त्याही हँडबॅगेतच. व्ही-माउंट (कॅमेऱ्यामागे बसणारी मोठी बॅटरी) घ्यायची तर 98 वॉट-तासांची घ्या.

खरा घात होतो तो होमस्टेत. बुखारीच्या (खोली गरम करणाऱ्या शेगडीच्या) खोलीत गार कॅमेरा उघडा नेला की लेन्सच्या आत बाष्प धरतं. बाहेर असतानाच झिपच्या पिशवीत हवा काढून बंद करा, आत आल्यावर दोनेक तास हात लावू नका.

धुकट: बर्फावर कॅमेऱ्यातल्या प्रकाश मोजणाऱ्या मीटरचं ऐकू नका. तो सगळं मध्यम करड्यावर आणतो, बर्फ मळकट दिसतो. एक्स्पोजर एक ते दीड स्टॉप वर ठेवा (एक स्टॉप म्हणजे दुप्पट प्रकाश), झेब्रा (अति उजळ भागावर दिसणारे पट्टे) लावून हायलाइट जपा. सेकंदाला 25 फ्रेम असताना शटर 1/50, आयएसओ 800, एफ 5.6 धरलं तर भर उन्हात 7 ते 8 स्टॉपचा एनडी (प्रकाश कमी करणारा काळसर फिल्टर) लागतोच. व्हेरिएबल एनडी वाइड लेन्सवर आभाळात काळी फुली उमटवतो; फिक्स्ड घ्या.

आणि फिरत्या तबकडीची हार्ड डिस्क नको. तिचं हेड हवेच्या थरावर तरंगतं. बहुतेक डिस्क 3000 मीटरपर्यंतच्याच असतात आणि स्पितीतलं काझा त्याहून बरंच वर आहे. एसएसडी दोन, कारण सेकंदाला 100 मेगाबिटने तासाचे 45 जीबी होतात आणि प्रत दुहेरी हवी.

रानवारा: ड्रोन?

कातळवाट: 250 ग्रॅमपर्यंतच्याला पायलट सर्टिफिकेट लागत नाही; त्याहून जड ड्रोनने धंद्याचं काम करायचं तर लागतं. डिजिटल स्काय या सरकारी ड्रोन-संकेतस्थळावर उड्डाणाचे झोन बघा, सीमाभागात स्थानिक प्रशासनालाही विचारा. सिग्नल तुटल्यावर ड्रोन ज्या उंचीवरून आपोआप परततो, ती परतीची उंची उड्डाणाच्या जागेपासून मोजली जाते. कड्याच्या पायथ्यातून उडवलं आणि ती माथ्याहून कमी असली, तर सिग्नल तुटल्यावर ड्रोन थेट कातळावर.

धुकट: सरावाला हरिश्चंद्रगड उत्तम, पण तो अभयारण्यात आहे, व्यावसायिक शूटला वनखात्याची परवानगी काढा. तिथला कोकणकडा पश्चिमेकडे तोंड करून आहे. इंद्रवज्र (धुक्यावर उमटणारं गोल इंद्रधनुष्य) हवं तर सकाळीच, ऊन पाठीशी आणि दरीत धुकं असताना. ढगांच्या टाइमलॅप्सला 2 सेकंदांचं अंतर ठेवा: 10 सेकंदांच्या शॉटला 250 फ्रेम, म्हणजे सव्वाआठ मिनिटं. ट्रायपॉडचा मधला दांडा वर काढू नका. वजनासाठी खाली लटकवलेली पिशवी जमिनीला टेकू द्या, नाहीतर वाऱ्यात तीच हलते आणि शॉट घालवते.