अनुभव धागा: ललिता पवार तुम्हाला पहिल्यांदा कुठे भेटल्या?

येवल्यात 1916 साली जन्म, मूकपटात बालकलाकार, बोलपटांत नायिका आणि थेट 1987 मध्ये 'रामायण' मालिकेतली मंथरा. एवढा प्रवास करूनही ललिताबाई घरोघरी एकाच नावाने ओळखल्या गेल्या: खाष्ट सासू. तुमच्या मनात त्यांची पहिली आठवण कोणती, आणि ती पुढे बदलली का? जरूर लिहा.

सुरुवात मी करते. रविवारी सकाळी चाळीतल्या एकुलत्या टीव्हीसमोर आम्ही दाटीवाटीने बसायचो. मंथरा कैकेयीचे कान भरायला लागली की आजी बोटं मोडायची, "मेली अवदसा!" मालिका संपल्यावर तीच आजी म्हणाली, "तरुणपणी हीच नायिका असायची हो, फार देखणी." माझा विश्वासच बसला नाही.

*

माझे वडील हातगाडीवर केळी विकायचे. 'श्री 420' मधली ललिताबाईंची केळेवाली त्यांना तोंडपाठ होती. घासाघीस करणाऱ्या गिऱ्हाइकावर खेकसायचं आणि त्याच्या पोटात भूक आहे हे कळलं की विरघळायचं, हे बाबा रोज करायचे. "हिने कधीतरी पाटी डोक्यावर घेतली असणार," असं ते ठामपणे सांगत.

*

आत्या लग्नाहून आठ दिवसांनी माहेरी आली. सगळ्या बायकांनी घेरलं तेव्हा तिचं पहिलं वाक्य: "सासूबाई ललिता पवार नाहीत हो!" सगळ्यांनी सुटकेचा श्वास सोडला.

*

मी शिक्षिका आहे. आठ वर्षांपूर्वी एका सकाळी चूळ भरताना पाणी ओठाच्या कडेने गळायला लागलं. आरशात पाहिलं तर डावी बाजू ओघळलेली, डोळा मिटेना. डॉक्टर म्हणाले, बेल्स पाल्सी, बरं होईल. झालंही, पण ते दोन महिने मी तोंडावर रुमाल धरून शिकवलं.

तेव्हा आईने मला ललिताबाईंची गोष्ट सांगितली. 1942 मध्ये चित्रीकरणात एक थप्पड फार जोरात बसली. चेहऱ्याचा पक्षाघात झाला, उपचार लांबले आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेची कामं तिथेच थांबली. मग त्यांनी आई, सासू, घरमालकीण अशी माणसं उभी केली, आणि पुढची कितीतरी दशकं केली.

त्या डोळ्यामुळे त्या खलनायिका म्हणून शोभल्या, असं सर्रास म्हणतात. मला ते मुळीच पटत नाही. 'अनाडी' (1959) पाहा. मिसेस डिसा राज कपूरला फैलावर घेते तेव्हा तोच डोळा, तोच चेहरा, आणि त्यातून नुसती माया पाझरते. त्या भूमिकेला फिल्मफेअर मिळालं. शोभला तो डोळा नव्हे, त्यामागची नटी. हसताना माझा डावा कोपरा अजून जरा मागे राहतो. रुमाल मात्र सुटला.

*

2020 च्या टाळेबंदीत दूरदर्शनवर 'रामायण' पुन्हा लागलं. मंथरा आली. लहानपणी मी या जागी आईच्या कुशीत शिरायचो, म्हणून सात वर्षांच्या लेकीकडे पाहिलं. ती घाबरली नव्हती. तिने विचारलं, "बाबा, त्या आजीचा डोळा दुखतोय का?"

मी म्हटलं, "हो, फार पूर्वी लागलं होतं त्यांना."

मग ती उठून टीव्हीच्या अगदी जवळ जाऊन बसली.