मदरलोड टाकून उभा केलेला संसार हा खेळ म्हणायचा का?

दुधना (परभणी)

'द सिम्स ४' या खेळातल्या चीट कोडविषयी, म्हणजे टंकले की खेळात आयती सवलत देणाऱ्या शब्दांविषयी, माझे मत मांडते आहे. ते इथल्या बहुतेकांना पटणार नाही, याची कल्पना आहे. ज्यांनी हा खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी एवढेच सांगते की ही संगणकावरची भातुकली आहे. एखादा माणूस किंवा कुटुंब तयार करायचे, त्यांना घर बांधून द्यायचे, नोकरीला लावायचे आणि भूक, झोप, स्वच्छता, नैसर्गिक विधी, करमणूक व माणसांचा सहवास या सहा गरजांचे पट्टे हिरवे राहतील असे बघायचे. एकट्या माणसाने सुरुवात केली तर हाती २०,००० सिमोलिऑन, म्हणजे तिथले पैसे, मिळतात आणि त्यात दोन खोल्या व गरजेपुरते सामान कसेबसे बसते. मात्र कंट्रोल, शिफ्ट आणि सी ही बटणे एकदम दाबून उघडणाऱ्या चौकटीत 'मदरलोड' हा एक शब्द लिहिला की ५०,००० जमा होतात, आणि कितीही वेळा लिहिला तरी दर वेळी तेवढेच होतात.

माझे म्हणणे असे आहे की हा कोड वापरला की खेळ संपतो, फक्त तो संपल्याचे आपल्याला दोन दिवस उशिरा कळते. स्वस्त पलंगावर झोपेचा पट्टा सावकाश भरतो, म्हणून सकाळी वेळ कमी उरतो, म्हणून कौशल्य वाढवायला सवड मिळत नाही, म्हणून बढती लांबते, आणि बढती लांबली की चांगला पलंग घेता येत नाही. खेळातला एक दिवस आपल्या साधारण २४ मिनिटांत सरतो. त्या २४ मिनिटांत आधी काय उरकायचे आणि उद्यावर काय ढकलायचे, या हिशेबालाच मी खेळ समजते. पैसे ओतले की तो हिशेब करायची गरजच राहत नाही.

मागच्या दिवाळीच्या सुट्टीत मी सात-आठ वेळा मदरलोड लिहून एका बाईला तीन मजली वाडा बांधून दिला. तिसऱ्या दिवशी तिचे पुढे काय करायचे ते मला सुचेना. ती या दालनातून त्या दालनात हिंडत होती आणि मी नुसती पाहत होते. त्यातच बिल आले. या खेळात बिलाची रक्कम मालमत्तेच्या किमतीवर ठरते, त्यामुळे फुकटच्या पैशाने बांधलेल्या वाड्याचे बिल भरायला पुन्हा फुकटचाच पैसा लागला. याउलट, त्याआधी कोडशिवाय चालवलेल्या एका घरात स्वयंपाक करताना स्वस्तातली शेगडी पेटली होती, आणि नवी घेण्यापुरते पैसे जमेपर्यंत त्या बाईने चार दिवस फ्रिजमधले थंड अन्न खाऊन काढले होते. वाड्याचा रंग कोणता दिला होता ते आज सांगता येत नाही, पण ते चार दिवस आठवतात. लहानपणी चिंचोक्यांच्या खेळात हातातले चिंचोके संपल्यावर जो हळूच झाडाखालून आणखी वेचून आणायचा, त्याला आम्ही रडीचा डाव म्हणायचो. मदरलोड मला तसाच वाटतो.

नहरेअंबरी (छत्रपती संभाजीनगर)

दुधनाताई, चिंचोक्यांचे उदाहरण चुकले आहे. रडीच्या डावात समोर कोणीतरी बसलेला असतो आणि त्याचे नुकसान होते. सिम्समध्ये समोर कोण आहे? ना हार, ना जीत, ना शेवटची पायरी. सिम्सचे निर्माते विल राइट यांनी या खेळाची कल्पनाच मुळी बाहुलीघर म्हणून मांडली होती, आणि बाहुलीला भरजरी साडी नेसवली म्हणून आजवर कोणी मुलीला लबाड म्हटलेले नाही.

दुसरे असे की हे कोड कोणी चोरून काढलेले नाहीत, बनवणाऱ्यांनीच दिलेले आहेत. असे कोड मुळात चाचणीच्या कामासाठी जन्माला आले. १९८६ साली 'ग्रेडियस' हा खेळ घरगुती यंत्रावर आणताना काझुहिसा हाशिमोतो यांना तो स्वतःलाच पार करता येईना, तेव्हा तपासणी पूर्ण व्हावी म्हणून त्यांनी बटणांचा एक क्रम त्यात घालून ठेवला आणि तो विक्रीच्या प्रतीतही तसाच गेला. तोच पुढे कोनामी कोड म्हणून जगभर गाजला. सिम्समधल्या एका कोडचे नावही 'टेस्टिंगचीट्स' असेच आहे. २००० साली मॅक्सिस या कंपनीने पहिला सिम्स काढला तेव्हापासून पैशाचा कोड आहे. आधी तो 'क्लापॉशियस' होता, नंतर 'रोझबड' झाला, आणि दोन्हींचे एका वेळी १,००० मिळत.

रोझबडशी माझी ओळख झाली ती तेव्हाच्या औरंगाबादेत, २००३ च्या सुमारास, एका नेट कॅफेत. तासाला २० रुपये पडत आणि ते वडिलांकडून मागून आणावे लागत. त्या एका तासात माझ्या सिम्स माणसाने नोकरी करून पलंगापुरते पैसे जमवावेत, अशी अपेक्षा तुम्ही केली असती का? शब्दापुढे अर्धविराम आणि उद्गारचिन्हे यांची रांग लावली की तितक्या पटीने पैसे येतात, ही युक्ती शेजारच्या खुर्चीवरच्या मुलाने शिकवली, आणि त्या दिवशी मी पहिल्यांदा घर पूर्ण बांधले. पुढच्या आठवड्यात गेलो तर कॅफेवाल्याने यंत्र फॉरमॅट केलेले होते. घर गेले ते गेलेच, पण बांधल्याचे समाधान कोडमुळे कमी झाले, असे मला आजही म्हणता येणार नाही.

मन्याड (नांदेड)

सगळे कोड एकाच पारड्यात घालू नयेत, एवढेच सुचवते. माणूस भिंतीत अडकून जागचा हलत नाही तेव्हा 'रीसेटसिम' लिहावाच लागतो, आणि तो खेळातल्या दोषावरचा इलाज आहे. पैशाचा कोड वेगळा. कन्सोलवर, म्हणजे टीव्हीला जोडायच्या खेळयंत्रावर, खेळताना कोड सुरू केले की त्या डावात ट्रॉफी, म्हणजे टप्पे गाठल्याची बक्षिसे, मिळणे बंद होते, म्हणजे बनवणाऱ्यांनाही काहीतरी फरक वाटतोच, याची नोंद नहरेअंबरी यांनी घ्यावी.

तेरणा (उमरगा)

मी थोडा बाजूचा माणूस आहे, कारण मी हा खेळ खेळत नाही, त्यात फक्त घरे बांधतो. राइट यांचे अमेरिकेतल्या ओकलंड भागातले घर १९९१ च्या मोठ्या वणव्यात जळाले. गेलेल्या वस्तूंपैकी आधी काय विकत घ्यायचे आणि खरी गरज कशाची होती, या विचारातून पुढे सिम्सची कल्पना वाढत गेली. हे वाचले तेव्हा मला नवल वाटले नाही. आमच्याकडे ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटेच्या भूकंपानंतर कितीतरी घरांत हाच विचार झालेला आहे.

माझ्या आजोबांचे घर दगडमातीच्या जाड भिंतींचे आणि माळवदाचे होते. तशा घरांनीच त्या पहाटे सर्वांत जास्त माणसे घेतली, त्यामुळे ते घर पुन्हा तसेच बांधावे असे खऱ्या आयुष्यात कोणी म्हणणार नाही आणि म्हणूही नये. पुनर्वसनातल्या सरळ रेषेतल्या गावात आम्हाला मिळालेले घर त्यापेक्षा नक्कीच सुरक्षित आहे. पण मोठा दरवाजा, त्याच्या आतली ढेलज, मधला चौक, तीन बाजूंची ओसरी आणि धान्याची अंधारी खोली मला कुठेतरी पुन्हा उभी करायची होती, आणि ती मी सिम्समध्ये केली. त्यासाठी २०,००० पुरणारे नव्हते. वस्तू एकमेकींना चिकटवून ठेवू देणारा 'मूव्हऑब्जेक्ट्स' हा कोड नसता तर ओसरीचे खांब आणि त्यांना टेकलेली कणगी जागेवर बसलीच नसती. या कामाला दुधनाताई लबाडी म्हणणार असतील तर माझी हरकत आहे.

मात्र त्यांच्या बाजूने एक गोष्ट सांगायला हवी. राइट यांच्याच १९८९ च्या 'सिमसिटी'त 'फंड' असे टंकले की शहराच्या तिजोरीत १०,००० येत, आणि तो कोड पुन्हा पुन्हा वापरला की शहरात भूकंप होई. फुकटच्या पैशाची काहीतरी किंमत लावावी, असे तेव्हा बनवणाऱ्यांना वाटले असावे. विनोद म्हणून तो चांगला आहे. मला हसू आले नाही, हा माझ्या गावाचा दोष.

बालाघाट (बीड जिल्हा)

दुधनाताईंचे ते चार दिवस थंड खाऊन काढणे वाचले आणि लिहायचे ठरवले. राग धरू नये.

माझे आईवडील ऊसतोडीला जात. दसरा-दिवाळी झाली की मुकादमाची उचल घेऊन कोयता फडावर निघायचा आणि आम्ही दोघे भावंडे उन्हाळ्याच्या तोंडापर्यंत आजीजवळ राहायचो. घरातले पीठ किती दिवसांचे आहे, टँकर कधी येणार, ड्रममधले पाणी आधी स्वयंपाकाला ठेवायचे की कपड्यांना, हा 'आधी काय आणि उद्यावर काय'चा हिशेब मी दहाव्या वर्षापासून केलेला आहे, आणि तो करताना मला कधी खेळल्यासारखे वाटले नाही. आता नोकरी आहे, संगणक आहे, रात्री तासभर निवांत मिळतो. त्या तासात पडद्यावरच्या माणसाने उपाशी झोपावे आणि मी त्याला मजा म्हणावे, हे मला जमत नाही. मी खेळ उघडला की आधी मदरलोड लिहितो. बिल थकले की सिम्समध्ये वीज आणि पाणी तोडतात, असा नियम आहे. लातूरला २०१६ साली वेळेवर पाणीपट्टी भरणाऱ्यांनाही मिरजेहून रेल्वेने आलेल्या पाण्याची वाट पाहावी लागली होती. मला हा नियम नवा नाही आणि त्याचा सरावही नको आहे.

उचल फेडावी लागते, ती फिटली नाही तर पुढच्या वर्षी अंगावर राहते. मदरलोड फेडावा लागत नाही, आणि मला त्यात तेवढेच आवडते.

दुधना (परभणी)

बालाघाट, आपला प्रतिसाद दोनदा वाचला. तेरणा यांच्या घराबद्दलही माझे शब्द मागे घेते. नुसते बांधकाम करणाऱ्याला कोडशिवाय बांधा म्हणणे म्हणजे चित्र काढणाऱ्याला रंग कमवून आणा म्हणण्यासारखे आहे.

पण आपल्या मुद्द्यावर मला थोडे बोलायचे आहे. खरी टंचाई आणि खेळातली टंचाई एकाच जातीची नाही. खेळात मुकादम नाही, दुष्काळ नाही, भाव पडत नाहीत. माणूस जेवून-झोपून, चांगल्या मनःस्थितीत कामावर गेला आणि नेमून दिलेले कौशल्य त्याने वाढवले की बढती ठरलेली असते. कष्टाचे फळ मिळणारच, ही खात्री बाहेर कुठे मिळत नाही म्हणून मी ती तिथे शोधायला जाते. मदरलोड लिहिला की फळ आधीच हातात येते आणि ती खात्री अनुभवायची राहून जाते.

बालाघाट (बीड जिल्हा)

ताई, मग सर्वांत मोठा चीट कोड तोच झाला. रोज वेळेवर कामाला गेले, मन लावून काम केले की बढती मिळते आणि कोणाची ओळख लागत नाही, असे जग आधीच तयार करून दिलेले असताना मी वरून ५०,००० घेतले तर त्यात बिघडले काय? त्या जगाचा खोटेपणा आपल्याला गोड लागतो आणि माझा खटकतो, एवढाच फरक मला दिसतो.

मन्याड (नांदेड)

फरक आणखी एक आहे. दुधनाताईंच्या जगात खेळणाऱ्याला विचार करावा लागतो. माझा भाचा अकरावीत आहे, लातूरला शिकवणीसाठी राहतो, रविवारी दीड तास खेळतो. कोड कळल्यापासून त्याने एकही कुटुंब दोन रविवारांपलीकडे नेलेले नाही. घर बांधतो, कंटाळतो, नवे कुटुंब काढतो. आधी त्याच्या एका कुटुंबाची तिसरी पिढी चालू होती आणि तो मला पणजीचे नाव सांगायचा.

नहरेअंबरी (छत्रपती संभाजीनगर)

भाच्याला आठवड्यात दीडच तास मिळत असेल तर दोष कोडवर ढकलणे सोपे आहे, पण ते असो. मला दुधनाताईंना एक विचारायचे आहे. सुरुवातीचे २०,००० तरी कोणी कष्टाने मिळवलेले असतात? तेही आयतेच आले. त्यांचा नियम काटेकोर पाळायचा तर सुरुवात शून्यापासून व्हायला हवी.

दुधना (परभणी)

तसेच चालू आहे. मागच्या शनिवारपासून नवे घर सुरू केले आहे. सर्वांत स्वस्त मोकळी जागा घेतली आणि उरलेले सगळे पैसे काढून टाकले.

नहरेअंबरी (छत्रपती संभाजीनगर)

काढून टाकले ते कसे? पैसे टाकून द्यायला सिम्समध्ये उकिरडा असल्याचे माझ्या पाहण्यात नाही.

दुधना (परभणी)

चौकटीत 'मनी ०' असे लिहून. होय, तोही चीट कोडच आहे आणि तो लिहिताना माझ्या ते लक्षात आले होते. आपण विचारेपर्यंत सांगायचे नाही, असे ठरवले होते. बाई सध्या मोकळ्या जागेवर आहे, दुपारी बागेतल्या बाकावर डुलकी काढते आणि तळ्याकाठचे बेडूक पकडून विकते.

बालाघाट (बीड जिल्हा)

एका बेडकाचे किती येतात?