स्टाईलच्या फोटोंची स्वतःची गॅलरी नीट कशी लावायची? मदत हवी आहे

नमस्कार मंडळी, मी मालवणची. पिंटरेस्टवर आणि इन्स्टाच्या सेव्ह्डमध्ये कपड्यांचे फोटो ढिगाने जमलेत, आता त्यातून माझ्या आवडीची एक नीट गॅलरी करायचीय. अडचण अशी की निम्म्याहून जास्त फोटो थंड देशातले, कोट, बूट, लेयरिंग, आणि आमच्याकडे पावसाळाभर धो धो पाऊस नि बाकीचे महिने घामाच्या धारा, तर ते दिसायला कितीही भारी असले तरी मी घालणार कधी? मला मलमल, लिनन, हातमागाचं कॉटन असं पायजे. शिवाय आजीची इरकल आहे, गर्द हिरवी, पदर लाल आणि त्यात पांढरे पट्टे, ते रंग एकमेकांशेजारी इतके जिवंत दिसतात की पूर्ण गॅलरीचे रंग तिच्यावरूनच ठरवावेत असं मनापासून वाटतं.

विचारायचं हे की पिंटरेस्टच्या बोर्डमध्ये (म्हणजे तिथल्या फोटोंच्या संग्रहात) सेक्शन कापडाप्रमाणे करू की प्रसंगाप्रमाणे, म्हणजे गणपती, लग्न, ऑफिस, पावसाळा? मला प्रसंग बरा वाटतो कारण सकाळी घाईत तेच शोधतो आपण. आणि मूळ पोस्ट डिलीट झाली की इन्स्टाच्या सेव्ह्डमधूनही जाते, मग स्क्रीनशॉट ठेवता का, आणि फोटो कुणाचा हे कुठे लिहून ठेवता? घरातले जुने फोटो सिक्रेट बोर्डवर टाकेन म्हणते, बाहेरच्यांना दिसायला नकोत. कोकणातल्या हवेला चालतील असे कपडे दाखवणारी मराठी अकाउंट्स माहीत असतील तर तीही सांगा ना प्लीज.