डेनहोम एलियट : दुय्यम भूमिकांमधील मोठेपण

प्रश्न : 'रेडर्स ऑफ द लॉस्ट आर्क'मधील मार्कस ब्रॉडी साकारणाऱ्या डेनहोम एलियट यांच्या इतर कोणत्या भूमिका आवर्जून पाहाव्यात?

उत्तर १ : 'ट्रेडिंग प्लेसेस' (१९८३) प्रथम पाहा. मालकाला घराबाहेर काढण्याचा हुकूम निमूटपणे पाळावा लागलेल्या कोलमन या बटलरची अस्वस्थता ते संवादांपेक्षा नजरेतूनच अधिक पोहोचवतात. या भूमिकेसाठी, त्यानंतर 'अ प्रायव्हेट फंक्शन' आणि 'डिफेन्स ऑफ द रेल्म'साठी, असा सलग ३ वर्षे त्यांना सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्याचा बाफ्टा पुरस्कार मिळाला. माझ्या मते यांतील शेवटच्या चित्रपटातील थकलेला, मद्यात बुडालेला, तरीही सत्याची चाड असलेला पत्रकार हे त्यांचे सर्वांत हृद्य काम आहे.

उत्तर २ : त्यांच्या युद्धकाळाचाही येथे उल्लेख व्हायला हवा. १९४२ मध्ये ब्रिटिश हवाई दलाचे त्यांचे बॉम्बर विमान पाडले गेले आणि उरलेले युद्ध त्यांनी जर्मन युद्धकैद्यांच्या छावणीत काढले. तेथेही ते नाटके करत राहिले. पराभूत, खचलेल्या माणसांविषयी त्यांच्या अभिनयात जी करुणा दिसते, तिचे मूळ मला तेथेच असावेसे वाटते.

प्रश्नकर्ता : मनःपूर्वक आभार. 'डिफेन्स ऑफ द रेल्म'पासूनच सुरुवात करतो.