मसिजनांची जादू: खोडायचे कोणी?
मसिजन या काल्पनिक जमातीतले लोक जे लिहितील ते खरे होते, ही कथेची मूळ कल्पना मला फार आवडली. पण मग त्यांना सगळ्यात मोठी धास्ती लिहिलेले मागे उरण्याची असायला हवी. प्राचीन इजिप्तमध्ये काही थडग्यांतल्या लेखांत सापाचे चिन्ह मुद्दाम तुटलेले किंवा सुरी खुपसलेले कोरत, म्हणजे ते जिवंत होऊन मृताला डसणार नाही. होरस या इजिप्ती देवाच्या, मंत्र कोरलेल्या शिळांवरून ओघळलेले पाणी विंचूदंशावर पीत. अक्षरात जीव आहे असे मानणारी माणसे खरोखर होऊन गेली, आणि त्यांनी अक्षराचा बंदोबस्तही करून ठेवला!

तेव्हा मसिजनांत खोडणारे वेगळे असावेत. लिहिणाऱ्याला स्वतःचे खोडता येऊ नये. ओल्या मातीवरचा शब्द सुकेपर्यंत बदलावा, भाजला की कायमचा. (सीरियातल्या एब्ला या प्राचीन नगराच्या राजवाड्याला आग लागली तेव्हा तिथल्या मृत्पट्टिका, म्हणजे लिहिलेल्या मातीच्या पाट्या, भाजून पक्क्या झाल्या.) मग शत्रूने मसिजनांचे ग्रंथालय पेटवले तर जादू संपेल की पक्की होईल? माझे मत दुसऱ्या बाजूला. आणि पोरांच्या हाती लेखणी कधी द्यायची, यावरून त्यांच्यात भांडणे झालीच पाहिजेत.