मदत हवी: द्राक्षरसाच्या बाटल्या फुगतात, त्यात उत्पादन वाढवायचंय (नाशिक)

रसवंती_निफाड:
नमस्कार मंडळी. घरचा आरटीएसचा (रेडी-टू-सर्व्ह, थेट पिण्याजोगं फळरस पेय) उद्योग आहे, काळी द्राक्षं (शरद सीडलेस) आणि डाळिंब. रोज २०० मिलीच्या ३०० बाटल्या, साध्या पेट प्लास्टिकच्या बाटलीत. रस पातेल्यात ९० अंशांपर्यंत तापवतो, पण गरम भरला की बाटली आखडते म्हणून ६५ ला भरतो. शिवाय केएमएस (पोटॅशियम मेटाबायसल्फाइट, टिकवण्याची पूड) घालतो. तीन आठवड्यांत काही बाटल्या फुगतात, तळाशी बारीक खडे बसतात, रंग उतरतो. २०२७ च्या सिंहस्थाआधी २,००० बाटल्यांवर जायचंय. ऑटोमॅटिक फिलिंग मशीन घ्यावं का? सोड्याचा प्रकारही काढावा असं भाऊ म्हणतो.

सातपूरकर:
मशीन तूर्त थांबवा. आज ३०० मध्ये फुगतात त्या उद्या २,००० मध्ये फुगतील, एवढाच फरक पडेल.

फुगवटा यीस्टचा. पातेल्यातला रस निर्जंतुक होतो, पण ६५ ला भरलात तर बाटलीची आतली बाजू आणि झाकण तसंच राहतं. दोन रस्ते आहेत. एक, काचेची बाटली आणि क्राउन झाकण (सोड्याच्या बाटलीला असतं तसं पत्र्याचं): गरम रस भरून सील करा, मग उकळत्या पाण्यात २५ मिनिटं. गार बाटली एकदम उकळत्या पाण्यात सोडली की तडकते, काढल्यावर लगेच गार पाण्यात टाकली तरी तेच. दुसरा, हॉट-फिलची जाड पेट, जिच्या अंगावर खोलगट पट्टे असतात. रस गार होताना आत निर्वात होतं, ते हे पट्टे झेलतात. ८५ च्या वर भरा, झाकण लावून २-३ मिनिटं उलटी धरा, मग फवाऱ्याखाली ४० च्या आत आणा. गरमच रचून ठेवल्या तर रस शिजल्यासारखा लागतो.

आणि तापमान भरलेल्या बाटलीत मोजा, पातेल्यात नाही. एका घाणीतली (बॅचमधली) शेवटची बाटली बऱ्याचदा ७५ लाच भरलेली निघते.

पिंपळगाव_बसवंत:
खडे म्हणजे टार्ट्रेट, द्राक्षातल्याच आम्लाचा क्षार. खाण्याला अपाय नाही, पण गिऱ्हाईकाला काच वाटते. रस शून्य अंशाच्या आसपास काही दिवस ठेवा, खडे तळाशी बसू द्या, वरचा निवळ रस ओढून घ्या. त्यानंतरच आरटीएस बनवा. बोअरचं जड पाणी थेट वापरू नका, त्यातल्या कॅल्शियमनेही साका बसतो.

रंग केएमएसने उतरतो. काळी द्राक्षं, डाळिंब, जांभूळ यांत ते नकोच. बाटलीतच नीट पाश्चराइज केलंत तर प्रिझर्व्हेटिव्हची गरजही राहत नाही. डाळिंब सालीसकट दाबू नका, टॅनिनने रस तुरट होतो आणि गढूळ राहतो. निवळायला जिलेटिन सुचवणारे भेटतील, पण ते प्राणिज, मग लेबलवरचा हिरवा ठिपका गेला! बेंटोनाइट (एक प्रकारची माती) वापरा.

रसवंती_निफाड:
धन्यवाद. मिश्रणाचं प्रमाण अंदाजाने धरतो, तेही सांगा ना.

सातपूरकर:
१०० किलोसाठी, रस १५ टक्के आणि १२ ब्रिक्स (१०० ग्रॅममागे विरघळलेले घन पदार्थ, मुख्यतः साखर) धरून: १८ ब्रिक्सचा रस १५ किलो, म्हणजे त्यातून २.७ किलो घन पदार्थ मिळाले. उरलेली साखर ९.३ किलो. आम्लता ०.३ टक्के हवी तर एकूण ३०० ग्रॅम. रसात ०.६ टक्के असेल तर ९० ग्रॅम त्यातूनच येतं, सायट्रिक फक्त २१० ग्रॅम. पाणी साधारण ७५.५ किलो. दर घाणीला रिफ्रॅक्टोमीटर (ब्रिक्स मोजायचं यंत्र) लावा, कारण फेब्रुवारीचं द्राक्ष आणि मार्चअखेरचं द्राक्ष एकसारखं गोड नसतं. आरटीएसला फळाचा रस किमान १० टक्के लागतो, लिंबाला ५. त्याच्या खाली जाऊ नका.

अंबडचा_हिशेबनीस:
सोड्याचं भावाला समजावा. २२ सप्टेंबर २०२५ पासून साध्या फळरस पेयावर जीएसटी ५ टक्के आहे, त्यातच गॅस भरला की ४० टक्के. एमआरपी त्या हिशेबाने मांडून बघा, उत्साह आपोआप ओसरेल.

२,००० बाटल्या म्हणजे दिवसाला ४०० लिटर. तेवढं २५ वरून ९० ला न्यायला, शेगडीची निम्मी उष्णता वाया धरून, साडेचार किलोच्या आसपास गॅस लागतो. हा खर्च पेलतो. अडतं ते दुसरीकडे: द्राक्ष जानेवारी ते एप्रिल, बाटली वर्षभर विकायची. म्हणून आधी पैसा रस साठवण्यात घाला, उणे १८ ला गोठवून किंवा ९० अंशांना भरलेल्या फूडग्रेड ड्रममध्ये. भरणं वर्षभर जॉबवर्कने (दुसऱ्याच्या कारखान्यात मजुरी देऊन) करून घ्या, पण करारात भरण्याचं तापमान आणि फुगलेल्या मालाची भरपाई लिहून घ्या. दर बॅचच्या १२ बाटल्या ३५ अंशांना दोन आठवडे ठेवून मगच माल बाहेर सोडा.