सुमित्रा भावे सिनेमाकडे वळल्या कशा?

प्रश्न: काल सुमित्रा भावेंचा ‘कासव’ हा सिनेमा पाहिला. वाळूतली अंडी जपणारी माणसं आणि जगणं नकोसं झालेला तो मुलगा डोक्यातून जाईना. भावेबाई आधी समाजकार्य शिकवायच्या ना?

उत्तर: हो, पुण्याच्या कर्वे संस्थेत. बायकांवरचं संशोधन निरक्षर बायकांपर्यंत पोचणार कसं, या तळमळीतून १९८५चा ‘बाई’ हा लघुपट झाला. तेव्हा त्यांनी चाळिशी ओलांडली होती! त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला.

दुसरं उत्तर: पुढे सहदिग्दर्शक सुनील सुकथनकरांबरोबर ‘दोघी’, ‘देवराई’, ‘अस्तु’ हे सिनेमे केले. माझ्या मामाला स्किझोफ्रेनिया आहे, ‘देवराई’तल्या नायकाला असतो तोच मनाचा आजार. ‘देवराई’ पाहून आल्यावर आईने शेजारच्या काकूंना चहा देता देता तो शब्द पहिल्यांदा उच्चारला. कप हातात तसाच धरून.

प्रश्नकर्ती: आज आईला घेऊन ‘देवराई’च लावते.